तारेवरचा नकार

ग्योतोकु, इचिकावा, जपान
मार्चमधला रविवार

प्रिय बाबा,

आधी 'तीर्थरूप' लिहिलं होतं, मग दुसरा कागद घेतला. शाळेच्या सहलीहून मी तुम्हाला 'तीर्थरूप बाबांस शिरसाष्टांग' असं कार्ड टाकलं होतं, तेव्हा तुम्ही म्हणाला होतात की हे वाचून मी भिंतीवर हार घालून टांगल्यासारखा वाटतो. म्हणून 'प्रिय'. पाकिटावर तिकीट नाही, हे तुमच्या लक्षात आलंच असेल. धीरज ऑफिसच्या कामासाठी पुण्याला येतोय, तन्वीला सुट्टी लागलीय, त्या दोघांच्या हाती हे देतेय. एक दिवसाआड फोनवर बोलतो, मग पत्र कशाला, असं म्हणाल. अहो, फोनवर तुम्ही फार हुशार आहात! नको असलेला विषय निघाला की 'बरं, ठेवू का' म्हणता आणि खरंच ठेवता. मागच्या महिन्यात मी नुसतं म्हटलं की आम्ही तिघं कायमचं कराडला यायचं म्हणतोय, तर माझं वाक्यही पुरं होऊ दिलं नाहीत. नोकरी सोडायची नाही, पोरीची शाळा मोडायची नाही, मी ठणठणीत आहे, शेजारच्या ज्ञानदाकाकू डबा देतात, विषय संपला. त्या विषयाकडे मी येणार आहे, पण माझ्या वाटेनं येईन, आणि कागदाला मधेच ठेवून देता येत नाही.

आज मी अध्यक्षपदावरून उतरले! आमच्या वसाहतीच्या 'जिचिकाई'ची वार्षिक सभा होती. जिचिकाई म्हणजे आपली सोसायटीची कमिटीच, फक्त ती कचऱ्यापासून भूकंपापर्यंत सगळं बघते. हॉलच्या दाराशी नेहमीसारख्या चपलांच्या रांगा, आत घडीच्या खुर्च्या, प्रत्येक खुर्चीवर थंड चहाची एकेक छोटी बाटली. मी हिशेब वाचला, वाकून नमस्कार केला, टाळ्या झाल्या आणि माझ्या जागी हारा-सान बसले ('सान' म्हणजे आपलं 'जी'). घरी येताना सारखं मागच्या वर्षीचं आठवत होतं. ते मी तुम्हाला तेव्हा फोनवर सांगितलं होतं, पण धावतपळत, इमारतीच्या जिन्यावरून. तुम्ही इतके हसला होतात की तुम्हाला ठसका लागला. आज सगळं नीट लिहून काढते. पण त्याआधी तुमच्याच गोष्टी तुम्हाला सांगते. ऐका. मी कित्येक वर्षं ऐकल्यात, आता तुमची पाळी.

इतर मुलांना गोष्टींत राजाराणी मिळायची तेव्हा आपल्या घरात मला अमेरिकेतल्या पक्षांची अधिवेशनं मिळाली. जेवायला बसलं की तुम्ही भाकऱ्यांचा पुकारा करायचात. कोणाला किती, असं साधं विचारायचं नाहीच. अलाबामापासून राज्यं पुकारायची. मी अलाबामा. मी ओरडायचे, अलाबामाची चोवीस मतं! चोवीस भाकऱ्या खाणार का गं, असं आई म्हणायची. मग तुम्ही सांगायचात की १९२४ साली न्यूयॉर्कला डेमोक्रॅटिक पक्षाचं अधिवेशन दोन आठवड्यांवर चाललं, एकशे तीन वेळा मतदान झालं, आणि प्रत्येक वेळी पहिली पाळी अलाबामाची, प्रत्येक वेळी तेच चोवीस, तोच उमेदवार, तीच खणखणीत आरोळी. रेडिओ नुकता आला होता, सगळा देश ती ऐकायचा आणि पोरं रस्त्यावर तिची नक्कल करायची. आईचा नंबर आला की ती 'पास' म्हणायची. एखाद्या राज्याचं ठरलं नसेल तर त्यानं पास म्हणावं, त्याला शेवटी पुन्हा विचारतात, हे तुम्हीच तिला शिकवलं होतंत आणि मग जन्मभर पस्तावलात. कारण आई नेहमी पास म्हणायची आणि शेवटी जे बोलायची तेच व्हायचं. गाडी घ्यायची की नाही, मला पुण्याला शिकायला पाठवायचं की नाही, सगळं शेवटच्या पुकाऱ्याला. ती गेल्यापासून आपल्या घरात पास म्हणणारं कोणी उरलं नाही.

तुमची पाठ न सोडणारी पोर होते मी, पण खरं सांगते, मला त्या गोष्टींतलं राजकारण कळायचं नाही. मला भूल पडायची ती त्या क्षणाची. बाल्टिमोरला १८३१ मध्ये एका छोट्या पक्षानं पहिल्यांदा असं केलं म्हणे: पुढाऱ्यांनी बंद दाराआड उमेदवार ठरवायचा त्याऐवजी गावोगावची माणसं एका जागी जमवली आणि सांगितलं, आता तुम्हीच निवडा. घोड्यावरून, बग्गीतून, बोटीतून माणसं आली. किती साधी गोष्ट आहे ही आणि किती अचाट! मग पुढची शंभर वर्षं कुठल्या ना कुठल्या उकडत्या सभागृहात हजारो माणसं घामाघूम होऊन बसायची, बाहेर कोणालाच माहीत नसायचं काय होणार, आत असलेल्यांनाही नसायचं, आणि नवव्या फेरीत, छत्तिसाव्या फेरीत अचानक असं एक नाव निघायचं की जे सकाळी कोणाच्या तोंडात नव्हतं. तुम्ही हे सांगताना हातातला घास तसाच राहायचा. भाजी गार झाली म्हणून आई ओरडायची आणि मला मात्र अंगावर काटा यायचा.

त्यातली माझी सगळ्यात लाडकी गोष्ट गारफिल्डची. सन १८८०, शिकागो. रिपब्लिकन पक्षाच्या दोन मोठ्या नेत्यांची टक्कर, कोणालाच पुरेशी मतं पडेनात. गारफिल्ड तिथे आला होता तिसऱ्याच माणसासाठी. शर्मन म्हणून एक जण, त्याचं नाव सुचवायचं, एवढंच त्याचं काम. त्यानं भाषण केलं आणि ते इतकं शांत, इतकं सुंदर केलं की लोक शर्मनला विसरले आणि बोलणाऱ्याकडे बघत राहिले. चौतिसाव्या फेरीत विस्कॉन्सिननं आपली मतं गारफिल्डला टाकली. तो बिचारा दचकून उभा राहिला. माझी संमती नसताना मला मत द्यायचा कोणालाही अधिकार नाही, असं म्हणू लागला. अध्यक्षानं त्याला बोलूच दिलं नाही. आक्षेप नियमबाह्य, खाली बसा! आणि दोन फेऱ्यांनी तो उमेदवार झाला, पुढे राष्ट्राध्यक्षही. तुम्ही हे करून दाखवताना पोळपाटावर लाटणं आपटायचात. पुढे कॉलेजात गेल्यावर मी वाचलं की निवडून आल्यावर काही महिन्यांतच त्याला कोणीतरी गोळी घातली, आणि मी तुमच्याशी कडाकडा भांडले होते की हे का नाही सांगितलंत. तुम्ही म्हणालात, गोष्ट निवडीची होती, तिथेच संपते. मला तेव्हा ते पटलं नव्हतं.

आता मागच्या वर्षीची सभा. इथे येऊन पाच वर्षं झाली होती, जपानी बऱ्यापैकी यायला लागली होती आणि ऑफिसात सगळे स्वरूपा-सान, स्वरूपा-सान करतात म्हणून जरा शिंगंही फुटली होती. सभेच्या आधी महिनाभर जुने अध्यक्ष ओकुबो-सान दारोदार फिरत होते. आमच्याकडेही आले, तांदळाच्या खाऱ्या बिस्किटांचा पुडा दिला, हवापाण्याचं बोलले आणि जाता जाता म्हणाले की पुढच्या वर्षी हारा-सान बघतील असं वाटतं, नाही का. मी म्हटलं हो हो, छान माणूस आहे, आणि दार लावलं. मला काय ठाऊक की झालं, माझं मत दिलं गेलं! इथे सगळं असंच ठरतं. आधी एकेकाच्या दाराशी, हळू आवाजात, कोणी दुखावणार नाही अशा बेतानं. सभेत फक्त टाळ्या वाजवायच्या असतात. समोरच्या छापील कागदावर हारा-सानचं नावसुद्धा होतं. ओकुबो-साननी विचारलं, कोणाचं काही म्हणणं? हे विचारायचं असतं आणि सगळ्यांनी खाली बघायचं असतं. सगळ्यांनी बघितलं. आणि तुमच्या मुलीनं हात वर केला.

बाबा, मला वाटलं खरंच विचारतायत. तुमच्या घरी वाढल्यावर दुसरं काय वाटणार! मला मोरिता-सानचं नाव सुचवायचं होतं. मोरिता-सान म्हणजे आमच्या खालच्या मजल्यावरच्या, ऐंशीच्या पुढच्या, एकट्या. मी उभी राहिले आणि तुम्ही शिकवलेल्या जुन्या पद्धतीनं बोलले: माणसाचं सगळं सांगायचं, नाव अगदी शेवटी. मी म्हटलं की मी अशा एका व्यक्तीबद्दल बोलणार आहे, जिनं आम्ही इथे आलो त्या आठवड्यात माझ्या कचऱ्याच्या पिशव्या परत माझ्या दारात आणून ठेवल्या. मी रडले होते त्या दिवशी. दुसऱ्या सकाळी ती पुन्हा आली आणि जमिनीवर बसून, बाटली वेगळी, झाकण वेगळं, असं मला हातांनी दाखवत राहिली. जिनं इथल्या प्रत्येक नव्या भारतीय बाईला असंच दाखवलंय. भूकंपाच्या रात्री आमच्या वसाहतीतल्या विश्वजितच्या बायकोला दिवस गेलेले आणि तो ऑफिसात अडकलेला, तेव्हा जी तिचा हात धरून जिन्यात बसली. जिच्याशी माझी तन्वी माझ्यापेक्षा जास्त बोलते. तीन नंबरच्या इमारतीतल्या आजोबांचा पेपर दारातच पडलेला दिसला म्हणून जिनं बेल वाजवली आणि त्यामुळे ते आजोबा आज इथे बसलेत. हॉलमध्ये चहाची बाटली उघडल्याचाही आवाज येईना. माझं व्याकरण कुठल्या कुठे गेलं असेल. मग मी नाव घेतलं.

मला कळलं की आपण काहीतरी भयंकर केलंय. ओकुबो-सान कागदाकडे बघत होते, हारा-सान त्यांच्याकडे, आणि मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तेवढ्यात हारा-सान उठले आणि त्यांच्या चेहऱ्यावर, देवाशपथ सांगते, सुटकेचा आनंद होता. ते म्हणाले, आपला पूर्ण पाठिंबा! मग मोरिता-सान उठल्या. खूप वेळ वाकून राहिल्या. म्हणाल्या की आपलं वय झालं, हे काम झेपायचं नाही. पण आपण इतकी वर्षं जे केलं ते कोणी बघत असेल असं कधी वाटलं नव्हतं, आणि जिनं हे सगळं पाहिलं आणि लक्षात ठेवलं, तिनंच हे काम करावं. आणि त्यांनी टाळी वाजवली. एकट्यांनी. मग हारा-साननी. मग त्या आजोबांनी. बाबा, सगळा हॉल! मी उभी, हात हलवत, नाही नाही म्हणतेय, मी परदेशी आहे, मला नीट वाचता येत नाही, मी फक्त नाव सुचवायला उठले होते. ओकुबो-साननी शांतपणे घड्याळ बघितलं आणि सांगितलं की सभा संपली, सगळ्यांनी फार कष्ट घेतले. पाच मिनिटांत खुर्च्या घड्या होऊन भिंतीला लागल्या आणि मी मधोमध उभी. घरी आल्यावर तन्वीनं डोळे मोठे करून 'सुगोई' म्हटलं, म्हणजे 'काय भारी', आणि मी चप्पलसुद्धा न काढता तुम्हाला फोन लावायला पुन्हा खाली उतरले.

तुम्ही अर्ध्यावरच ओरडलात, अगं, गारफिल्ड! तू गारफिल्ड झालीस! तुमचा तो आवाज माझ्या कानात आहे. बक्षीस मिळाल्यासारखं वाटलं होतं मला. वर्षभर मी उन्हाळ्याची जत्रा केली, भूकंपाचा सराव केला, कचऱ्याची सूचना हिंदी-मराठीतून लावली, आणि कधी कंटाळा आला की तोच आवाज आठवून उठायचे.

मग डिसेंबरात मी तुम्हाला सहज म्हटलं, बाबा, तो गारफिल्ड काही महिन्यांतच सुटला हो, मला अजून तीन महिने आहेत. तुम्ही मग विचारलंत, कोण? मी म्हटलं, अहो, शिकागो. तुम्ही म्हणालात, लाइन खराब आहे, काही ऐकू येत नाही. बाबा, लाइन स्वच्छ होती. मागे ज्ञानदाकाकूंच्या कुकरची शिट्टीसुद्धा मला ऐकू आली. जानेवारीत, निवृत्तीनंतर इतक्या वर्षांनी, तुम्ही इस्त्रीचा शर्ट घालून कॉलेजात गेलात, शेवटच्या वर्षाच्या मुलांचा तास आहे म्हणून, आणि मोहन शिपायानं तुम्हाला स्कूटरवर बसवून घरी आणलं, हेही मला माहीत आहे. काकूंवर रागावू नका. त्यांनी सांगितलं म्हणून मला कळलं, तुम्ही तर मला नुसतं हवामान सांगत होतात. मी त्या दिवशी बाथरूमचा नळ सोडून खूप रडले. मग मोरिता-सानकडे गेले आणि त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी सल्ला वगैरे काही दिला नाही, इथे देत नाहीत. त्या एवढंच म्हणाल्या की पेपर दारात पडलेला दिसायला कोणीतरी त्या जिन्यात राहावं लागतं.

म्हणून आम्ही घरी अधिवेशन भरवलं. अध्यक्ष मी. धीरजनं पहिल्याच पुकाऱ्याला मत दिलं, त्याची पुण्याच्या ऑफिसात बदली मंजूर झालीय. माझी कंपनी घरून काम करू देतेय, पगार थोडा कमी, पण नोकरी सुटत नाही, तेव्हा तो मुद्दा तुमच्याकडून बाद. राहिली तन्वी. तिच्या मैत्रिणी इथल्या, भाषा इथली, शाळाही इथली. ती म्हणाली, पास! हुबेहूब आईसारखं. दोन दिवस घरात कोणी तो विषय काढला नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी टोस्ट खाता खाता तिनं मान वर केली आणि तुम्ही व्हिडिओवर शिकवलेल्या त्याच आरोळीत म्हणाली, अलाबामा, चोवीस मतं, आजोबांना! धीरजनं आणि मी एकमेकांकडे बघितलं आणि मी अधिवेशन संपल्याचं जाहीर केलं.

आता तुम्ही विचाराल की मलाच माझ्या गोष्टी कशाला लिहून पाठवल्यास. कारण आजवर त्या तुमच्याकडे होत्या, बाबा, आता माझ्याकडे आहेत. एकही हललेली नाही. तुम्हाला नाव आठवलं नाही तर मी शेजारच्या खोलीत असेन, हाक मारा. आणि हे पत्र हातोहात का, तेही तुम्हीच शिकवलंत. पूर्वी निवडलेला उमेदवार सभेला जातच नसे, घरी बसायचा; मग पक्षाची माणसं रीतसर त्याच्या दारात जाऊन सांगायची की आम्ही तुम्हाला निवडलंय. आणि १८४४ साली बाल्टिमोरला उपाध्यक्षपदासाठी ज्याला निवडलं, त्यानं वॉशिंग्टनहून नव्याकोऱ्या तारेनं नकार कळवला, तर सभेनं तारेवर विश्वास ठेवला नाही, माणसं पाठवली. त्या माणसांनाही तो नाहीच म्हणाला, हे मला आठवतंय, तुम्ही आठवण करून द्यायची गरज नाही. तुमचा फोनवरचा नकार मी मोजलेला नाही. माणसं पाठवलीत. धीरज दारात घुटमळत असेल, त्याला आत घ्या. आणि आता कागदावरून नजर वर करा, बाबा, तुमच्यासमोर तन्वी उभी आहे. तुम्ही आक्षेप घ्यायला उठाल, हे आम्ही धरूनच चाललोय. तिला एक वाक्य शिकवून पाठवलंय, आठवडाभर ती आरशासमोर ते म्हणतेय, जपानीत नाही, चक्क मराठीत, लाटणंसुद्धा आपटून: आजोबा, आक्षेप नियमबाह्य, खाली बसा!

तुमचीच,
अलाबामा